पक्षाची शाखा : नेत्याची चौकी की कार्यकर्त्याचा हक्क?

ठाणे-कल्याण-डोंबिवलीत ‘शाखा’ म्हटले की लोकांच्या डोळ्यांसमोर दोनच चित्रे येतात. एक मैदानावरची संघाची, दुसरी नाक्यावरची शिवसेनेची. आपल्याही पक्षाच्या शाखा होत्या, हे आज आपल्याच तरुणांना सांगावे लागते.

बाबासाहेबांनी ऑगस्ट 1936 मध्ये स्वतंत्र मजूर पक्ष काढला. 10 जानेवारी 1938 रोजी खोतीविरुद्ध शेतकऱ्यांचा मोर्चा मुंबईच्या कौन्सिल हॉलवर धडकला, त्यात ठाणे जिल्ह्यातले शेतकरीही होते. एका भाषणाने हजारो माणसे गाव सोडून निघत नाहीत. त्यामागे गावोगाव बैठका घेणारे कार्यकर्ते होते आणि त्यांना जोडणारे ‘जनता’ साप्ताहिक होते. जुलै 1942 मध्ये नागपुरात शेड्युल्ड कास्ट्स फेडरेशन स्थापन झाले, तेव्हा सुलोचनाबाई डोंगरे यांच्या अध्यक्षतेखाली महिलांची स्वतंत्र परिषद भरली. जुलै 1956 मध्ये तर बाबासाहेबांनी राजकारणाचे प्रशिक्षण देणारी शाळाच सुरू केली. संघटना शिकून बांधायची असते, हा त्यामागचा विचार होता.

3 ऑक्टोबर 1957 रोजी रिपब्लिकन पक्ष जन्मला. 1964-65 च्या भूमिहीन सत्याग्रहात दादासाहेब गायकवाडांच्या नेतृत्वाखाली लाखो माणसे तुरुंगात गेली. एवढी ताकद असूनही पक्ष फुटत गेला. नेता फुटला की वस्तीतली शाखा फुटली, फलकावर नवा कंस आला. कारण फूट मान्य की अमान्य, हे ठरवायचा अधिकार शाखेकडे नव्हताच.

ती पोकळी इतरांनी भरली. 1966 मध्ये स्थापन झालेल्या शिवसेनेने 1967 मध्येच ठाणे नगरपालिकेत सत्ता मिळवली. नळ, रेशनकार्ड, शाळाप्रवेश, दवाखाना, प्रत्येक अडचणीला शाखाप्रमुख हजर. पुढे टेंभी नाक्यावर आनंद दिघेंकडे लोक गाऱ्हाणी घेऊन जात. आपल्याही वस्त्यांतले तरुण तिकडे गेले. पण शाखाप्रमुख नेमायचा तो वरून. 2022 मध्ये तो पक्ष फुटला आणि ठाण्यात शाखांच्या ताब्यावरून भांडणे लागली. शाखा कोणाची, हे सदस्यांच्या मताने ठरले नाही.

दुसरा मार्ग आहे का? आयर्लंडकडे पाहा. आपल्या संविधानातील मार्गदर्शक तत्त्वांची कल्पना त्याच देशाच्या 1937 च्या घटनेतून आली. तिथे डी व्हॅलेरा यांनी 1926 मध्ये फिआना फॉल पक्ष काढला. त्याच्या स्थानिक शाखेला ‘कुमन’ म्हणतात. कुमनचे सदस्य आपले पदाधिकारी निवडतात आणि वार्षिक अधिवेशनाला प्रतिनिधी पाठवतात. उमेदवार ठरवण्यासाठी मतदारसंघात सदस्यांचा मेळावा भरतो. तिथेही घराणेशाही आहे, मुख्यालय वरून नावे घुसवते. तरी साध्या सदस्याच्या हाती मत असते, आणि नेत्याला ते मागायला त्याच्या दारी यावे लागते.

मित्रांनो, 14 एप्रिलला आपल्या वस्त्यांत हजारो माणसे रस्त्यावर असतात. 15 एप्रिलला त्यातल्या किती जणांची नावे पक्षाच्या नोंदवहीत असतात? जयंती मंडळ म्हणजे शाखा नव्हे. शाखेला सदस्यांची यादी हवी, वर्गणी हवी, जाहीर हिशेब हवा, दरवर्षी निवडणूक हवी, आणि पदांवर महिला हव्यात. युती कोणाशी करायची, वॉर्डात उमेदवार कोण, हे त्या सदस्यांनी मतदान करून ठरवावे.

एक माणूस, एक मत हे तत्त्व बाबासाहेबांनी देशाला दिले. ते आपल्याच पक्षाच्या शाखेत लागू करायला कोणाची परवानगी हवी आहे?

जय भीम!