सर्व्हिसबेरी वृक्षाची लागवड : हवामान, ज्ञानपरंपरा आणि इतिहासलेखन

प्रस्तावना :
फलवृक्षांच्या लागवडीचा इतिहास बहुधा रोपवाटिका, संशोधन केंद्रे आणि नोंदलेले वाण यांपासून सुरू केला जातो. त्यापूर्वीचे सर्व काही ‘रानातले’ म्हणून इतिहासाबाहेर राहते. ही मांडणी कितपत ग्राह्य आहे, हे सर्व्हिसबेरी या वृक्षाच्या आधारे तपासणे हा प्रस्तुत लेखाचा उद्देश आहे.

वृक्षपरिचय व हवामान :
सर्व्हिसबेरी म्हणजे गुलाबाच्या कुळातील अमेलँचिअर प्रजाती. सफरचंद व नासपती ही तिची नातलग फळे होत. या प्रजातीत सुमारे वीस जाती मानल्या जातात. परंतु त्यांच्यात सहज संकर होत असल्याने वर्गीकरणाविषयी मतभेद आहेत. बहुसंख्य जाती उत्तर अमेरिकेतील असून काही युरोप व पूर्व आशियात आढळतात.

एकाच प्रजातीने भिन्न हवामानांशी वेगवेगळ्या प्रकारे जुळवून घेतले आहे. कॅनडाच्या गवताळ प्रदेशातील ‘अल्निफोलिया’ ही झुडुपवजा जाती हिवाळ्यात उणे ४० अंश सेल्सिअसखालील थंडी सोसते. मात्र ती वसंताच्या आरंभीच फुलते, त्यामुळे उशिरा पडणाऱ्या हिमतुषाराने मोहोर जळतो. म्हणजे तिला कडाक्याच्या हिवाळ्यापेक्षा लहरी वसंत अधिक घातक ठरतो. अटलांटिक किनाऱ्यालगतची ‘कॅनडेन्सिस’ ओलसर व पाणथळ जमिनीत वाढते. दमट प्रदेशात पानांवर व फळांवर बुरशीजन्य ठिपके पडतात. जवळपास जुनिपरची झाडे असल्यास तांबेरा रोगही बळावतो, कारण या बुरशीचे जीवनचक्र दोन्ही वनस्पतींवर मिळून पूर्ण होते. उष्ण प्रदेशात पुरेशी थंडी न मिळाल्यास सुप्तावस्था नीट संपत नाही. म्हणून या वृक्षाच्या लागवडीत जातीची निवड हाच मूलभूत प्रश्न ठरतो.

मूलनिवासींचे ज्ञान :
या निवडीचे ज्ञान संशोधन केंद्रांनी प्रथम निर्माण केले, असे म्हणता येत नाही. ब्रिटिश कोलंबियाच्या अंतर्भागातील सॅलिश भाषिक समाज चव, रस, बिया व वाळवण्यास योग्यता यांवरून या झुडुपाचे अनेक प्रकार ओळखत व त्यांना स्वतंत्र नावे देत. जुन्या झुडुपांना नवे धुमारे फुटावेत म्हणून नियंत्रित आग लावण्याची पद्धतही त्यांच्यात होती. यास नांगरट नव्हती, कुंपण नव्हते. तथापि निवड, निगा आणि पुनरुज्जीवन ही लागवडीची तिन्ही अंगे येथे दिसतात.

गवताळ प्रदेशात हे फळ सुकवलेले गव्याचे मांस व चरबी यांच्याशी मिसळून ‘पेमिकन’ हे टिकाऊ अन्न तयार केले जाई. फरच्या व्यापाराचा डोलारा या अन्नावर उभा होता. ८ जानेवारी १८१४ रोजी रेड रिव्हर वसाहतीचे गव्हर्नर माइल्स मॅकडॉनेल यांनी पेमिकनच्या निर्यातीवर बंदी घातली. त्यातून वाढलेला संघर्ष १९ जून १८१६ च्या सेव्हन ओक्सच्या लढाईपर्यंत पोहोचला.

वसाहतकाळ आणि नामकरण :
१८१८ मध्ये थॉमस नटल यांनी ‘अल्निफोलिया’चे शास्त्रीय वर्णन प्रसिद्ध केले. या फळाचे ‘सॅस्कटून’ हे नाव क्री भाषेतून आले. १८८२ मध्ये जॉन लेक यांनी निवडलेल्या वसाहतीस तेच नाव मिळाले. नाव स्वीकारले गेले. नाव देणाऱ्यांची मोकळीक मात्र संकुचित झाली. १८८५ नंतर राखीव क्षेत्राबाहेर जाण्यासाठी मूलनिवासींना परवाना घ्यावा लागे. फळांचा हंगाम काही आठवड्यांचा असतो. अशा समाजाच्या अन्नव्यवस्थेवर संचारबंदीचा काय परिणाम झाला असेल, याची कल्पना करता येते.

पूर्वेकडील वसाहतींत याच वृक्षाला ‘शॅडबुश’ म्हणत, कारण पाला माशाशी साम्य असलेला शॅड मासा नदीत चढतो त्याच सुमारास तो फुलतो. येथेही वृक्ष ऋतुमानाचे पंचांग ठरला.

आधुनिक लागवड व युरोप :
१९५२ मध्ये अल्बर्टातील बीव्हरलॉज येथून ‘स्मोकी’ व ‘पेम्बिना’ हे वाण प्रसारित झाले आणि व्यापारी लागवडीस चालना मिळाली. युरोपात शोभेसाठी नेलेली ‘लामार्की’ नेदरलँड्स व वायव्य जर्मनीच्या रेताड, आम्लधर्मी जमिनीत रुळली. तिचे स्वतंत्र नामकरण १९६८ मध्ये झाले.

याच युरोपात एक उद्बोधक प्रसंग घडला. १५ मे १९९७ पूर्वी युरोपीय संघात लक्षणीय प्रमाणात न खाल्लेले अन्न ‘नवीन’ मानावे, असा नियम होता. त्या आधारे २००४ मध्ये ब्रिटनमध्ये सॅस्कटून फळाच्या विक्रीवर आक्षेप आला. तो पुढे दूर झाला. नियम युरोपपुरता होता हे खरे. तरीही शतकानुशतके खाल्ले गेलेले फळ कागदोपत्री ‘नवीन’ ठरू शकते, ही बाब इतिहासाच्या अभ्यासकास विचार करावयास लावणारी आहे.

निष्कर्ष :
सर्व्हिसबेरीचा प्रसार हवामानाने घडविला, परंतु त्याचे ज्ञान माणसांनी जपले. १९५२ हे वर्ष व्यापारी वाणांच्या इतिहासातील टप्पा आहे. लागवडीचा आरंभ नव्हे. कृषी-इतिहासाच्या अध्यापनात वाणांच्या नोंदींबरोबरच लोकभाषेतील नावे, वाळवणाच्या पद्धती व आगीचा वापर यांनाही साधनांचा दर्जा द्यावयास हवा. अन्यथा जे लिहिले गेले तेवढेच घडले, असा गैरसमज आपण पुढील पिढीच्या हाती देऊ.