सेनापती बापट आणि मुळशी सत्याग्रह (१९२१-१९२४) : विस्थापनाच्या प्रश्नाचा एक ऐतिहासिक अभ्यास

प्रस्तावना

आधुनिक महाराष्ट्राच्या इतिहासात पांडुरंग महादेव तथा सेनापती बापट यांचे नाव सशस्त्र क्रांतिकारक, गोवा मुक्ती लढ्यातील सत्याग्रही आणि संयुक्त महाराष्ट्राच्या चळवळीतील ज्येष्ठ नेते म्हणून घेतले जाते. तथापि ‘सेनापती’ ही पदवी त्यांना ज्या लढ्याने मिळवून दिली, तो लढा मात्र पाठ्यपुस्तकांत एखाद्या ओळीत आटोपला जातो. हा लढा म्हणजे धरणाखाली बुडणाऱ्या जमिनीसाठी मावळातील शेतकऱ्यांनी दिलेला मुळशीचा सत्याग्रह होय. प्रस्तुत निबंधात बापटांचे जीवनकार्य व मुळशी सत्याग्रहाची वाटचाल यांचा आढावा घेऊन पुढील दोन प्रश्नांचा विचार केला आहे. बापटांना पर्यावरणवादी म्हणणे कितपत इतिहाससंमत आहे? आणि विठ्ठलवाडी, उल्हासनगर, अंबरनाथ, बदलापूर या परिसरात अध्यापन करणाऱ्या आपणा सर्वांशी या लढ्याचा काही संबंध पोहोचतो काय?

जीवनपट

बापटांचा जन्म १२ नोव्हेंबर १८८० रोजी तत्कालीन अहमदनगर (आजच्या अहिल्यानगर) जिल्ह्यातील पारनेर येथे झाला. पुण्याच्या डेक्कन महाविद्यालयात शिक्षण घेतल्यानंतर १९०४ मध्ये शिष्यवृत्ती मिळवून ते अभियांत्रिकीच्या अभ्यासासाठी एडिंबरा येथे गेले. ब्रिटिश राजवटीविरुद्ध भाषण केल्यामुळे त्यांची शिष्यवृत्ती बंद झाली. लंडनच्या ‘इंडिया हाऊस’शी त्यांचा संबंध आला आणि पॅरिसमध्ये रशियन क्रांतिकारकांकडून बाँब तयार करण्याची माहिती मिळवून ते १९०८ मध्ये स्वदेशी परतले. त्यानंतर काही वर्षे भूमिगत जीवन, अटक, सुटका आणि मग लोकमान्य टिळकांच्या ‘मराठा’ पत्रात काम असा त्यांचा प्रवास झाला. पारनेरला असताना हाती झाडू घेऊन गावचे रस्ते स्वच्छ करण्याचे व्रत त्यांनी स्वीकारले होते. पुढे कोठेही असले तरी सफाईचे हे काम त्यांनी सोडले नाही.

बापटांचे लेखनही विपुल आहे. मराठीबरोबरच संस्कृत व इंग्रजीतही त्यांनी काव्यरचना केली. त्यातील बरेचसे लेखन तुरुंगात झाले. श्रीअरविंदांच्या तत्त्वज्ञानपर ग्रंथाचा ‘दिव्य जीवन’ हा अनुवाद त्यांनी केला. १९५५ च्या गोवा सत्याग्रहात पंचाहत्तरीच्या उंबरठ्यावर असताना ते सहभागी झाले. २८ नोव्हेंबर १९६७ रोजी त्यांचे निधन झाले. अभियंता होण्यासाठी परदेशी गेलेला हा विद्यार्थी चाळिशीत एका मोठ्या अभियांत्रिकी प्रकल्पासमोर उभा ठाकला, ही गोष्ट त्यांच्या चरित्रात विशेष लक्षणीय आहे.

मुळशी प्रकल्पाची पार्श्वभूमी

विसाव्या शतकाच्या आरंभी मुंबईच्या कापड गिरण्या कोळशावर चालत असत. सह्याद्रीच्या घाटमाथ्यावर पडणारा प्रचंड पाऊस अडवून ते पाणी कोकणाच्या बाजूस खाली सोडावे आणि त्या उताराच्या बळावर वीज निर्माण करावी, ही कल्पना टाटा उद्योगसमूहाने प्रत्यक्षात आणली. १९१५ मध्ये खोपोली, १९२२ मध्ये आंध्रा खोऱ्याच्या पाण्यावरील भिवपुरी आणि १९२७ मध्ये मुळशीच्या पाण्यावरील भिरा अशी तीन वीजकेंद्रे एकापाठोपाठ उभी राहिली. पूर्वेकडे भीमेला मिळणारे पाणी या योजनांनी पश्चिमेकडे वळविले. या योजनांमुळे मुंबईला वीज मिळाली आणि कोळशाच्या धुरापासून शहराची काही अंशी सुटका झाली, हे मान्य केलेच पाहिजे.

परंतु या पाण्याखाली काय गेले? पुणे जिल्ह्यातील मुळशी पेटा हा मुळा व निळा या नद्यांच्या खोऱ्यातील भाताचा प्रदेश होता. अंबेमोहर तांदळासाठी हे खोरे प्रसिद्ध होते. नियोजित धरणामुळे येथील पन्नासच्या आसपास गावांवर आणि हजारो रहिवाशांवर संकट आले. जमीन घ्यावयाची होती ती एका खाजगी कंपनीसाठी, पण त्यासाठी वापरावयाचा होता तो सरकारचा १८९४ चा भूसंपादन कायदा. ‘सार्वजनिक हित’ या दोन शब्दांत कोणाचे हित येते आणि कोणाचे वगळले जाते, हा प्रश्न येथे प्रथमच इतक्या ठळकपणे पुढे आला.

सत्याग्रहाची वाटचाल

१६ एप्रिल १९२१ रोजी, रामनवमीच्या दिवशी, धरणाच्या जागी सत्याग्रहास आरंभ झाला. सुमारे बाराशे सत्याग्रही कामाच्या जागेवर जाऊन बसले आणि काम थांबले. असहकार आंदोलनाचा हा काळ होता. न. चिं. केळकरांसारखे पुण्यातील नेते लढ्यात होते. प्रत्यक्ष संघटनेचा भार विनायकराव भुस्कुटे आणि बापट यांनी उचलला. भुस्कुटे यांनी पुढे या लढ्याचा वृत्तांत ग्रंथरूपाने लिहून ठेवला. ‘जान किंवा जमीन’ ही लढ्याची घोषणा होती. महात्मा गांधींनी ‘यंग इंडिया’त लिहिताना, टाटांनी आपल्या कायदेशीर हक्कावर अडून न राहता लोकांशी विचारविनिमय करावा, अशी अपेक्षा व्यक्त केली होती.

काम काही महिने स्थगित राहिले. पुढे सरकारने भूसंपादनाचा मार्ग मोकळा करताच १९२१ च्या अखेरीस सत्याग्रहाचे दुसरे पर्व सुरू झाले. या पर्वात मोठ्या प्रमाणावर अटकसत्र झाले. स्त्रियाही तुरुंगात गेल्या. बापटांनाही एकाहून अधिक वेळा कारावास घडला. लढा ओसरू लागल्यावर १९२४ च्या अखेरीस बापटांनी अहिंसेची मर्यादा ओलांडली. धरणाच्या कामाची रेल्वेगाडी रुळांवर दगड रचून अडविण्यात आली आणि शस्त्राचा वापर झाला. या कृत्याबद्दल त्यांना सात वर्षांची शिक्षा झाली व १९३१ मध्ये ते सुटले. तोवर धरण पूर्ण झाले होते आणि भिऱ्याची वीज मुंबईला पोहोचली होती.

लढ्यातील अंतर्विरोध

मुळशीच्या पराभवाचे खापर केवळ सरकार व कंपनी यांच्यावर फोडणे सोपे आहे. परंतु इतिहासाच्या अभ्यासकाने तेथे थांबू नये. प्रा. राजेंद्र व्होरा यांनी या लढ्याचा जो सविस्तर अभ्यास केला, त्यातून एक अवघड वास्तव समोर येते. मुळशी पेट्यातील पुष्कळ जमीन पुण्यातील सावकारांच्या नावे होती आणि ती कसणारा मावळा कुळ म्हणून राबत होता. सावकाराच्या दृष्टीने जमीन ही मालमत्ता होती, म्हणून योग्य मोबदला मिळताच त्याचा विरोध मावळणे स्वाभाविक होते. कुळाच्या दृष्टीने जमीन हेच जगणे होते, पण कागदावर मालक नसल्यामुळे मोबदल्याच्या हिशेबात त्याला स्थान नव्हते. एकाच व्यासपीठावर उभे असलेल्या या दोन गटांची ‘जमीन’ एक नव्हती.

दुसरा अंतर्विरोध साधनांचा होता. गांधीजींचा आरंभीचा सहानुभाव पुढे टिकला नाही. अनेक जमीनधारकांनी मोबदला स्वीकारला होता आणि बापटांची अहिंसेवर पूर्ण श्रद्धा नव्हती, ही त्यामागील प्रमुख कारणे होत. बापटांची १९२४ ची कृती त्यांच्या धैर्याची साक्ष देते यात शंका नाही. परंतु ज्या शेतकऱ्यांसाठी ती झाली, त्यांच्या हाती तिने काही दिले नाही. उलट सामुदायिक लढ्याची जागा एका व्यक्तीच्या आत्मसमर्पणाने घेतली. गौरवग्रंथांतून बापट अधिकाधिक मोठे होत गेले आणि मावळे अनाम राहिले, याचे मूळ कदाचित येथेच आहे.

बापट यांना पर्यावरणवादी म्हणावे काय?

मुळशीच्या लढ्याचे वर्णन ‘जगातील पहिले धरणविरोधी आंदोलन’ असे केले जाते. हे विधान थोडे तपासून घेणे आवश्यक आहे. अमेरिकेत जॉन म्यूर या निसर्गलेखकाने योसेमिटीतील हेच हेची दरी सॅन फ्रान्सिस्कोच्या पाणीपुरवठ्यासाठी बुडविण्यास प्रखर विरोध केला होता. १९१३ मध्ये तेथील कायदेमंडळाने धरणास संमती दिली आणि १९१४ मध्ये म्यूर यांचे निधन झाले. म्हणजे धरणास विरोध मुळशीपूर्वीही झालेला होता. मात्र दोहोंत मूलभूत भेद आहे. म्यूर यांचा लढा निसर्गसौंदर्याच्या व पावित्र्याच्या रक्षणासाठी होता. मुळशीचा लढा त्या निसर्गावर पोट असणाऱ्या माणसांचा होता. विस्थापित होणाऱ्या शेतकऱ्यांनी स्वतः संघटित होऊन दिलेला धरणविरोधी लढा, या अर्थाने मुळशीचे अग्रस्थान निश्चितच मान्य करता येते.

बापटांच्या वाणीत परिसंस्था, जैवविविधता वा प्रदूषण हे शब्द नव्हते. ते शोधणे म्हणजे आजचा चष्मा कालच्या माणसाला लावणे होय. परंतु जमीन, पाणी व जंगल यांवर प्रथम हक्क कोणाचा, दूरच्या शहराच्या गरजेसाठी खेड्याने नाहीसे व्हावे काय आणि मोबदला दिल्याने न्याय झाला असे मानता येते काय, हे प्रश्न मुळशीने विचारले. पुढे कोयनेपासून नर्मदेपर्यंत हेच प्रश्न पुनःपुन्हा उभे राहिले. महाराष्ट्राने प्रकल्पग्रस्तांच्या पुनर्वसनाचा कायदा १९७६ मध्ये केला. १८९४ चा भूसंपादन कायदा बदलण्यास २०१३ साल उजाडले आणि नवा कायदा १ जानेवारी २०१४ पासून अमलात आला. खाजगी कंपनीसाठी जमीन घेताना बाधित कुटुंबांपैकी ८० टक्क्यांची संमती या कायद्याने आवश्यक ठरविली. जमिनीवर उपजीविका असणाऱ्या कुळाचाही विचार त्यात केला गेला. मुळशीच्या मावळ्याला जे मिळाले नाही ते तत्त्वतः मान्य होण्यास नव्वद वर्षे लागली. म्हणूनच बापटांना ‘पर्यावरणवादी’ म्हणण्यापेक्षा ‘पर्यावरणीय न्यायाचा प्रश्न कृतीने मांडणारे आद्य सेनानी’ म्हणणे अधिक सयुक्तिक ठरेल.

विठ्ठलवाडी परिसराच्या संदर्भात

हा विषय पुणे जिल्ह्यातील म्हणून आपल्यापासून दूरचा वाटू शकतो. वस्तुस्थिती तशी नाही. मुळशीचे पाणी भिऱ्याहून कुंडलिका नदीत जाते, परंतु त्याच मालिकेतील आंध्रा खोऱ्याचे पाणी भिवपुरीच्या वीजकेंद्रातून बाहेर पडून उल्हास नदीला मिळते. बदलापूरपासून खाली नदीकाठच्या शहरांना पाणी पुरविणाऱ्या उल्हास नदीत घाटावरून वळविलेले हे पाणीही असते. या नदीची दुसरी मोठी भर म्हणजे मुरबाड तालुक्यातील बारवी धरण. त्याची उंची वाढविताना तेथील गावांनाही पुनर्वसनासाठी दीर्घकाळ झगडावे लागले. आपल्या नळाच्या पाण्यामागे कोणाची तरी शेती आहे, हे यावरून ध्यानी यावे.

शिवाय उल्हासनगर हे मूळचे विस्थापितांचे नगर आहे. फाळणीनंतर सिंधमधून आलेल्या कुटुंबांना कल्याणच्या लष्करी छावणीत आश्रय मिळाला आणि १९४९ मध्ये या वसाहतीस उल्हासनगर हे नाव मिळाले. घर सुटणे म्हणजे काय, हे येथील ज्येष्ठ पिढीला ग्रंथांतून शिकावे लागले नाही. याच नगरातून, अंबरनाथच्या प्राचीन शिवमंदिरालगत वाहत आलेली वालधुनी नदी विठ्ठलवाडीमार्गे कल्याणकडे जाते. कारखान्यांच्या सांडपाण्याने तिचा नाला झाला. २०१४ मध्ये तिच्या पात्रात सोडलेल्या रसायनांमुळे पसरलेल्या वायूने उल्हासनगरमधील अनेक नागरिकांना रुग्णालयात दाखल करावे लागले. मुळशीत नदी अडविली गेली, येथे नदी नासविली गेली. दोन्ही ठिकाणी नफा एकाच्या पदरी आणि तोटा दुसऱ्याच्या पदरी पडला.

समारोप

मुंबईत दादरहून परळकडे रेल्वेमार्गालगत जाणाऱ्या रस्त्यास सेनापती बापट यांचे नाव आहे. त्याचे जुने नाव तुळशी पाईप रोड. तुळशी तलावाचे पाणी शहरात आणणाऱ्या जलवाहिनीवरून ते पडले होते आणि अनेकांच्या तोंडी अद्यापि तेच आहे. एकेकाळी याच परिसरात सह्याद्रीच्या विजेवर चालणाऱ्या गिरण्या होत्या. ज्याने शहराच्या विजेसाठी खेडे बुडविण्यास विरोध केला, त्याचे नाव त्या शहराने आपल्या रस्त्याला दिले आणि त्याचा प्रश्न मात्र विसरून टाकला. स्मारके उभारून विस्मरण कसे साधता येते, याचे याहून बोलके उदाहरण क्वचितच सापडेल.

इतिहासाच्या अध्यापकांपुढील कार्य यावरून स्पष्ट होते. मुळशी सत्याग्रह हा स्वातंत्र्यलढ्यातील एक उपप्रसंग म्हणून न शिकविता विकास, विस्थापन व न्याय यांच्या इतिहासातील एक आरंभबिंदू म्हणून शिकविला जावा. त्याचबरोबर बारवी धरणग्रस्तांच्या आठवणी, उल्हास व वालधुनी या नद्यांच्या काठच्या जुन्या रहिवाशांच्या मुलाखती आणि स्थानिक कागदपत्रे यांचे संकलन आपल्या महाविद्यालयांतील विद्यार्थ्यांकडून करून घेणे सहज शक्य आहे. मुळशीचे मावळे अनाम राहिले, कारण त्यांचे म्हणणे वेळीच टिपून घेतले गेले नाही. निदान आपल्या परिसराबाबत तरी ही चूक पुन्हा होऊ नये, एवढी दक्षता आपण घेतली पाहिजे.