खदर अयदरूस अहमद : सोमाली चित्रपटकार

जन्म 1981, मोगादिशू. सोळाव्या वर्षी ते कुटुंबासह निर्वासित म्हणून फिनलंडला गेले. तिथे घरातल्या एका बाळाचा इंतकाल झाला, तर दफनासाठी कित्येक दिवस थांबावं लागलं. मायदेशात कबर खोदणारे दवाखान्याबाहेरच बसलेले असतात, ही आठवण निघाली. त्यातूनच ‘द ग्रेव्हडिगर्स वाइफ’ (2021) सुचला. इतरांच्या मय्यतीवर ज्याची रोजी, तो गुलेद बायकोच्या ऑपरेशनसाठी पैसे जमवायला धडपडतो. चित्रपट सोमाली भाषेत असून जिबूतीत चित्रित झाला. आफ्रिकेतल्या फेस्पाको महोत्सवात त्याला सर्वोच्च पुरस्कार मिळाला. सोमालियाने ऑस्करसाठी पाठवलेला हा पहिलाच चित्रपट. आम्हाला वाटतं, वतन सुटलं तरी भाषा आणि दफनाची रीत माणसासोबत जाते. खदर यांनी आपली ओळख तिथेच शोधली.