वारली नावांविषयी

¹ जिव्या सोमा म्हसे (१९३४–२०१८) : डहाणू तालुक्यातले पद्मश्री वारली चित्रकार. मधले ‘सोमा’ हे वडिलांचे नाव. डहाणू-तलासरीच्या पाड्यांवर मुलाला जन्मवाराचे नाव देण्याची रीत जुनी आहे : सोमवारचा सोमा, मंगळवारचा मंगळ्या, शुक्रवारचा शुक्र्या, बुधवारची मुलगी बुधी. पंचांग-पत्रिकेचा खटाटोप नाही. बाळ ज्या दिवशी आले, तो दिवस पुरे.

घानातल्या अकान समाजातही हीच चाल. संयुक्त राष्ट्रांचे माजी महासचिव कोफी अन्नान ८ एप्रिल १९३८ला जन्मले. वार शुक्रवार, आणि ‘कोफी’ म्हणजे शुक्रवारचा. डहाणूत ते शुक्र्या झाले असते.

नावाअखेरच्या ‘या’ने मात्र वाचकाने फसू नये. शहरी मराठीत ‘गण्या’, ‘राम्या’ ही सलगीची किंवा तुच्छतेची हाक. इथे तेच पूर्ण, कागदोपत्री नाव. १९४५च्या वारली लढ्यात तलासरी भागात पोलिसांच्या गोळीबारात हुतात्मा झालेले जेठ्या गांगड याच नावाने स्मरले जातात. त्याला ‘जेठाराव’ करण्याची गरज कोणालाही वाटलेली नाही, हे बरेच.

पुढच्या पिढीत वारा बदलला. जिव्यांच्या चित्रकार मुलांची नावे सदाशिव आणि बाळू.