देव्हाऱ्यात जागा, घरात नाही : माणदेशातील जोगते, तृतीयपंथी आणि हक्काचा इतिहास

मराठ्यांच्या इतिहासात सांगोल्याचं नाव येतं ते १७५० च्या करारामुळे. छत्रपती रामराजांच्या काळात राज्यकारभाराची सूत्रं पेशव्यांच्या हाती गेली, ती याच गावी ठरलेल्या कलमांनी. कोणाच्या हाती काय आलं, कोणाचं काय गेलं, हे आपण त्या कागदावरून सांगू शकतो. आज आपण बोलणार आहोत ते अशा माणसांबद्दल, ज्यांच्या हातचंही एका कागदानंच गेलं. पण तो कागद कोणत्याच शाळेत शिकवला जात नाही.

आधी आपल्या तालुक्याची जागा पाहू. ईशान्येला तीसेक किलोमीटरवर पंढरपूर. दक्षिणेला जत, तिथं मार्गशीर्षात यल्लम्माची मोठी यात्रा भरते. तिथून पुढं कर्नाटकात गेलं की बेळगाव जिल्ह्यात सौंदत्तीचा डोंगर. म्हणजे एका अंगाला विठोबा, दुसऱ्या अंगाला यल्लम्मा. स्त्री-पुरुष ही विभागणी या दोन्ही ठिकाणी ओलांडली जाते, पण ओलांडण्याची तऱ्हा मात्र वेगवेगळी आहे.

पंढरपूरचं आधी घेऊ. विठ्ठल हा पुरुषदेव. पण वारकरी त्याला विठाई म्हणतो, माउली म्हणतो. ज्ञानेश्वर हे पुरुष, तेही माउली. वारीत तर समोर येईल तो माउलीच. मग पुरुष असो की बाई, वाकून पाया पडायचं. संतांनी गौळणी आणि विरहिणी लिहिल्या, त्यांत बोलणारा आवाज स्त्रीचा. नाथांनी जोगवा लिहिला, म्हणजे पैठणच्या विद्वान गृहस्थानं देवीच्या भिक्षेकऱ्याचं रूप घेतलं. हे सगळं आपल्याला इतकं अंगवळणी पडलंय की त्यात काही वेगळं आहे, असं वाटतच नाही. कारण इथं ओलांडणं भाषेत होतं. अभंग संपला की संत पुन्हा आपल्या घरी, आपल्या नावानं.

यल्लम्माकडं ते देहावर होतं. जोगता साडी नेसतो, हिरवा चुडा भरतो, गळ्यात कवड्यांची माळ आणि देवीचं ‘दर्शन’ म्हणजे मणी घालतो. डोक्यावर जग, हातात परडी, सोबतीला चौंडकं. मंगळवार-शुक्रवारी दारोदार जोगवा मागायचा. हे सोंग नव्हे. भारूड संपल्यावर उतरवून ठेवायचा हा वेश नाही.

याला आधार म्हणून सांगितली जाते रेणुकेची कथा. जमदग्नीनं मुलांना आईचा वध करायला सांगितलं. थोरल्यांनी नकार दिला, परशुरामानं आज्ञा पाळली. महाभारताच्या वनपर्वात नकार देणारी मुलं शापानं पशुपक्ष्यांसारखी जड होतात. पण देवीच्या भक्तांत चालत आलेली कथा म्हणते, त्यांचं पौरुष गेलं. हा फरक लहान नाही. ज्यांना कोणत्याच घरात जागा नव्हती त्यांनी कथेत जागा केली, आणि तीही कुणाची? आईवर हात उचलायला नकार देणाऱ्या मुलांची!

इथं एक सावधगिरी हवी. प्रत्येक जोगता म्हणजे आजच्या अर्थानं पारलिंगी व्यक्ती, असं सरसकट म्हणता येत नाही. काहींच्या केसांत लहानपणी जट आली, घरच्यांनी देवीचं बोलावणं मानलं आणि मूल सोडलं. काहींना नवसापोटी वाहिलं. आणि काही असे, की त्यांचं मन आधीपासूनच बाईचं होतं. तसं जगायला गावात एकच दार उघडं होतं, देवीचं. पहिल्यावर परंपरेनं अन्याय केला, तिसऱ्याला तिनंच आसरा दिला. राजन गवस यांच्या ‘भंडारभोग’ कादंबरीत जोगत्याच्या जगण्याचा हा पेच आहे. पुढं त्यांच्या लेखनावर आधारलेल्या ‘जोगवा’ चित्रपटानं २००९ मध्ये तो शहरातल्या प्रेक्षकांपर्यंत नेला.

ही गोष्ट फक्त आपल्याकडची नाही. इसवी सनापूर्वी २०४ मध्ये रोमनांनी आशिया मायनरमधून सिबिली देवी वाजतगाजत आणली. तिचे पुजारी, गॅली, स्वतःचं पुरुषत्व अर्पण करून स्त्रीवेशात राहत. रोमला देवी हवी होती. पण रोमन नागरिकानं गॅली व्हायचं नाही, असा निर्बंध होता. सेवा हवी, सेवेकरी मात्र आपल्यातला नको.

आता त्या कागदाकडं येऊ. मराठी राज्यात दख्खनमधल्या हिजडा समाजाला काही ठिकाणी वंशपरंपरेचे हक्क होते. ठरलेल्या मुलखात शेतकऱ्यांच्या घरांतून थोडं धान्य, थोडे पैसे घ्यायचा हक्क. काहींना इनाम जमीनही. हा हक्क गुरूकडून चेल्याकडं जाई. नीट ऐका, ही भीक नव्हती. पाटील-कुलकर्ण्यांना वतन असे, बलुतेदारांना बलुतं असे. त्याच व्यवस्थेच्या वहीत यांचीही एक ओळ होती. मान फार मोठा होता असं नाही. पण नोंद होती.

कंपनी सरकार आलं आणि एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धातच मुंबई इलाख्याच्या अधिकाऱ्यांना हे खटकू लागलं. मागण्याच्या हक्कामागं सरकार उभं राहणार नाही, असं धोरण ठरलं. मग १८५२ चा इनामविषयक कायदा आला. सार्वजनिक सभ्यतेला बाध आणणाऱ्या अटीवर दिलेलं इनाम पुढं चालू ठेवायचं नाही, असा नियम त्यात होता. सभ्यता कशाला म्हणायचं, हे अर्थातच साहेबानं ठरवलं. १८७१ मध्ये गुन्हेगार जमाती कायद्यानं उत्तर हिंदुस्थानात आणखी एक पाऊल टाकलं: नोंदवही, स्त्रीवेशात सार्वजनिक ठिकाणी दिसलं तर शिक्षा, मृत्युपत्र आणि दत्तक यांवर बंदी. हे शेवटचं कलम आम्हाला सर्वांत क्रूर वाटतं. रक्ताचं नातं तुटलेल्यांना गुरू-चेला हेच घर होतं. कायद्यानं त्या घराचा वारसाच काढून घेतला.

हक्क गेला की उरतं ते मागणं. आणि मागणाऱ्याकडं लोक कसं बघतात, ते तुम्ही-आम्ही रोज बघतोच.

सुधारणेचे कायदेही आले. मुंबई इलाख्यात १९३४ मध्ये देवदासी संरक्षण कायदा, कर्नाटकात १९८२ मध्ये समर्पणबंदी, महाराष्ट्रात २००५ चा निर्मूलन कायदा. मूल देवाला सोडणं बंद झालंच पाहिजे, त्यात दुमत नाही. पण १९३४ आणि १९८२ च्या कायद्यांपुढं देवदासी होती ती स्त्री. जोगता त्यांच्या नजरेत आलाच नाही. कायद्यानं त्याची दखल घेतली ती फार उशिरा. १५ एप्रिल २०१४ रोजी सर्वोच्च न्यायालयानं ‘नालसा’ निकाल दिला. त्यात जोगता-जोगप्पांचा, यल्लम्माचा उल्लेख आहे आणि आपलं लिंग आपण सांगायचं, हे तत्त्व मान्य केलेलं आहे. २०११ च्या जनगणनेत महाराष्ट्रात ‘इतर’ या रकान्यात ४०,८९१ माणसं नोंदली गेली होती. वहीत पुन्हा ओळ आली म्हणायची.

२०१७ मध्ये आपल्याच जिल्ह्यात, शेजारच्या माळशिरस तालुक्यातल्या तरंगफळ गावानं एका तृतीयपंथी व्यक्तीला सरपंच म्हणून निवडून दिलं. थेट मतदानातून. लोक त्यांना माउली म्हणतात. पंढरीच्या वाटेवर जो शब्द आपण येणाऱ्या-जाणाऱ्याला सहज देतो, तो इथं ग्रामपंचायतीच्या खुर्चीवर बसला. आशीर्वाद द्यायला नव्हे. नळाचं पाणी, रस्ता आणि घरकुलाची यादी बघायला.

आमच्या मते मुद्दा इथं आहे. आपल्या धर्मात यांना जागा नव्हती, असं म्हणणं खोटं ठरेल. आणि जागा होती म्हणून सगळं ठीक होतं, असं म्हणणंही खोटंच. जागा होती, पण सेवेच्या अटीवर. परडी डोक्यावर असेतो आपण पाया पडतो. परडी खाली ठेवून तोच माणूस भाड्याची खोली मागायला आला तर? शाळेत वर्गशिक्षक म्हणून उभा राहिला तर? आपल्या घरात जन्मला तर?

परंपरेचा अभिमान सांगणाऱ्यांनी आणि परंपरा मोडीत काढणाऱ्यांनीही या तीन प्रश्नांची उत्तरं आपापल्या घरी द्यावीत. माउली म्हणायला आपल्याला शतकानुशतकं येतंय. आता त्या माउलीच्या नावावर सातबारा, रेशनकार्ड आणि जेवणाच्या पंगतीत एक पाट, एवढं झालं की पुरे.