पंदिकोक्कूचे देशांतर

मराठी माणूस ज्याला घूस म्हणतो, त्या प्राण्याला तेलुगू भाषेत पंदिकोक्कू असे नाव आहे. पंदि म्हणजे डुक्कर आणि कोक्कू म्हणजे उंदीर. अंगाने थोराड, जमीन पोखरणारा आणि डिवचला असता डुकरासारखा गुरगुरणारा हा प्राणी पाहिला, की नावाची यथार्थता वेगळी सांगावी लागत नाही. इंग्रजांच्या तोंडी या शब्दाचा ‘बँडिकूट’ झाला. आणि १८७३ मध्ये ग्रे या प्राणिशास्त्रज्ञाने ‘बँडिकोटा’ हे रूप देऊन त्याला शास्त्रात स्थान दिले.

परंतु तत्पूर्वीच हा शब्द समुद्रापार गेला होता. १७८८ मध्ये इंग्रजांनी ऑस्ट्रेलियात वसाहत स्थापिली. तेथे लांब मुस्कटाचा, माती उकरणारा एक प्राणी त्यांना आढळला आणि हिंदुस्थानातले तयार नाव त्यांनी त्याला चिकटवले. वस्तुतः तो उंदराच्या कुळातला नव्हेच. कांगारूप्रमाणे तो पिले पोटाच्या पिशवीत वाढवतो. मात्र पिशवीचे तोंड मागे असल्यामुळे उकरताना तीत माती जात नाही.

याच गणातील एका प्राण्याच्या पुढच्या पायांना खुरासारखी दोनच बोटे होती. १८३८ मध्ये ऑगिल्बी यांनी त्याचे ‘कीरोपस’ म्हणजे वराहपाद असे नामकरण केले. नावात आधीच दडलेले डुक्कर असे पुन्हा पायाशी आले! समोरच्या नमुन्याचे शेपूट गळालेले होते, म्हणून ‘पुच्छहीन’ हे विशेषणही त्यांनी जोडले. वास्तविक त्याला चांगले लांब शेपूट असे. १८५७ मध्ये क्रेफ्ट हे संशोधक बिनशेपटी चित्र दाखवून त्याचा शोध करू लागले, तेव्हा स्थानिक लोक दुसऱ्याच जातीचे बँडिकूट शेपूट काढून आणून देऊ लागले. अखेर खरे दोन प्राणी लाभले. परंतु भुकेपुढे शास्त्रप्रेम टिकले नाही आणि क्रेफ्ट यांनी ते खाऊन टाकले. शेवटचा नमुना १९०१ मध्ये मिळाला. विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत हा प्राणी नामशेष झाला. बाहेरून आणलेली मांजरे व कोल्हे आणि पालटलेली कुरणे यांना अभ्यासक त्याचा दोष देतात.

नाव हे केवळ खुणेचे चिन्ह नव्हे. पाहणाऱ्याची दृष्टीही त्यात साठलेली असते. तेलुगू शेतकऱ्याने घूस पाहून शब्द घडवला. वसाहतवाल्यांनी शब्द आधी आणला आणि प्राणी मागाहून पाहिला. आज पश्चिम ऑस्ट्रेलियात एका बँडिकूटास ‘क्वेंडा’ या नूंगार भाषेतील नावाने पुन्हा ओळखतात. त्या भूमीचा प्राणी, त्याच भूमीच्या शब्दात.