रेणुभारनिश्चितीचा इतिहास
रेणूतील सर्व अणूंच्या अणुभारांची बेरीज म्हणजे रेणुभार होय. त्यासाठी रेणुसूत्र निश्चित असावे लागते. जॉन डाल्टन यांनी (१८०८) पाण्याच्या रेणूत हायड्रोजन व ऑक्सिजन यांचा एकेकच अणू मानला. या सूत्रानुसार पाण्याचा रेणुभार सु. ९ येतो. समान तापमान व दाब असताना वायूंच्या समान घनफळांत रेणूंची संख्या समान असते, हे आव्होगाड्रो यांचे गृहीतक (१८११) दीर्घकाळ उपेक्षित राहिले. कान्नीद्झारो यांनी त्याच्या आधारे बाष्पघनतेवरून रेणुभार काढण्याची पद्धत मांडली (१८५८). वाफ हायड्रोजनाच्या ९ पट जड असते व हायड्रोजनाचा रेणू द्विअणुक आहे; म्हणून पाण्याचा रेणुभार ९ × २ = १८ होय. कार्लझ्रूए येथील परिषदेनंतर (१८६०) ही पद्धत मान्यता पावली. तत्पूर्वीच, १८५६ मध्ये, आव्होगाड्रो निधन पावले होते.